एका वर्षाचा पाहुणा

वाचकहो, चंदीगड पाहावयास गेलेला प्रवासी बहुधा ठरलेली ठिकाणे पाहून परततो. ल कार्बुझिए यांनी आखलेले सरळ रुंद रस्ते, सुखना तलाव, नेकचंद यांनी मोडक्यातोडक्या वस्तूंतून उभारलेली शिल्पवाटिका आणि गुलाबांची विस्तीर्ण बाग ही त्यांपैकी प्रमुख होत. त्याच्यापाशी थोडी अधिक सवड असली, तर तो चौदाव्या सेक्टरातील पंजाब विद्यापीठाच्या आवारात जातो. पाण्याच्या मधोमध उमलल्यासारखे दिसणारे गांधी भवन तेथेच आहे. त्याच आवारात विद्यापीठाचे ग्रंथालय आहे. १९६३ साली पंडित जवाहरलाल नेहरू यांच्या हस्ते त्याचे उद्‌घाटन झाले. पुढे त्याला कुलगुरू अमरचंद जोशी यांचे नाव देण्यात आले.

शहर नवे, विद्यापीठाची वास्तू नवी, तेव्हा ग्रंथालयाची हकीकतही तेथपासूनच सुरू होत असावी, असे आपणांस वाटेल. परंतु तिचा उगम पाहावयाचा, तर सरहद्दीपलीकडे लाहोरला आणि काळाने १९१५ सालापर्यंत मागे जावे लागते. त्या वर्षी एक अमेरिकन ग्रंथपाल लाहोरला आले. जेमतेम वर्षभर राहून ते परत गेले. त्यांचे नाव एसा डॉन डिकिन्सन. ग्रंथालयशास्त्राचे विद्यार्थी सोडले, तर आज हे नाव फारसे कोणास ठाऊक नाही. त्यांच्या नावाचा रस्ता किंवा पुतळा शोधण्याच्या खटाटोपात आपण पडणार नाही. त्यांच्या एका वर्षाचे पुढे काय झाले, एवढेच आपण पाहू.

ग्रंथपाल घडविणारी अमेरिका

डिकिन्सन यांचा जन्म १८७६ सालचा. योगायोग असा की, अमेरिकेतील ग्रंथपालांची राष्ट्रीय संघटना त्याच वर्षी स्थापन झाली आणि मेल्व्हिल ड्यूई यांच्या दशांश वर्गीकरणाची पहिली आवृत्तीही त्याच वर्षी प्रसिद्ध झाली. तोपर्यंत ग्रंथपाल म्हणजे पुस्तकांचा राखणदार, असाच समज सर्वत्र होता. पुस्तके हरवू नयेत, फाटू नयेत आणि शक्यतो कोणी मागूही नयेत, अशी त्याची वृत्ती असे! ड्यूई यांच्या पिढीने हा समज मोडून काढला. ग्रंथालय चालविणे ही विद्या आहे आणि वकिली किंवा वैद्यकीप्रमाणे ती शिकवावी लागते, असे या मंडळींचे म्हणणे होते. १८८७ साली न्यूयॉर्कच्या कोलंबिया महाविद्यालयात ड्यूई यांनी ग्रंथपालांसाठी पहिली शाळा काढली. पहिल्या तुकडीत वीस विद्यार्थी होते आणि त्यांपैकी सतरा स्त्रिया होत्या. त्या काळच्या मानाने ही गोष्ट सामान्य नव्हे. १८८९ साली ही शाळा न्यूयॉर्क राज्याची राजधानी ऑल्बनी येथे हलविण्यात आली. डिकिन्सन हे याच शाळेचे विद्यार्थी.

विसाव्या शतकाच्या आरंभीची अमेरिका ग्रंथालयांच्या बाबतीत झपाटल्यासारखी झाली होती. पोलादाच्या धंद्यात अमाप संपत्ती मिळविलेल्या अँड्र्यू कार्नेगी यांच्या देणगीतून एकट्या अमेरिकेत १,६७९ सार्वजनिक ग्रंथालयांच्या इमारती उभ्या राहिल्या. इमारती झाल्या, पुस्तके आली, तेव्हा ती हाताळणारी शिकलेली माणसेही हवी झाली. डिकिन्सन यांच्यासारख्या तरुणांना या धामधुमीत भरपूर काम मिळाले. त्यांनी निरनिराळ्या गावांतील ग्रंथालये सांभाळली आणि प्रकाशनसंस्थेत संपादनाचे कामही केले. मुलांसाठी नाताळच्या गोष्टींचा एक संग्रह त्यांनी एका सहसंपादिकेसह १९१३ साली प्रसिद्ध केला. पुस्तक तयार कसे होते आणि वाचकाच्या हाती पोचते कसे, या दोन्ही गोष्टी त्यांनी अशा रीतीने जवळून पाहिल्या होत्या.

आधी वाट दाखविली बडोद्याने

डिकिन्सन यांना लाहोरला नेण्यापूर्वी मराठी वाचकांना थोडे बडोद्याकडे वळविले पाहिजे. हिंदुस्थानात अमेरिकन ग्रंथपाल बोलावण्याची कल्पना प्रथम सुचली ती एका मराठी राजाला.

नाशिक जिल्ह्यातील कवळाणे या खेड्यात जन्मलेले सयाजीराव गायकवाड दत्तक होऊन १८७५ साली बडोद्याच्या गादीवर आले. १८९३ साली अमरेली तालुक्यात आणि १९०६ साली संपूर्ण राज्यात त्यांनी प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले. पण मूल चार इयत्ता शिकून शाळेबाहेर पडले आणि पुढे त्याच्या दृष्टीस छापील कागद पडलाच नाही, तर काय व्हावयाचे? पालथ्या घड्यावर पाणी! शिकलेली अक्षरे टिकावयाची, तर गावोगाव पुस्तक हवे, हे महाराजांनी ओळखले. अमेरिकेच्या प्रवासात त्यांनी तेथील सार्वजनिक ग्रंथालये पाहिली होती. कनेक्टिकट राज्यातील न्यू हेवन शहरी ग्रंथपाल असलेले विल्यम अॅलन्सन बॉर्डन यांना त्यांनी १९१० साली बडोद्यास पाचारण केले.

बॉर्डन तेथे तीन वर्षे होते. एवढ्या अवधीत महाराजांच्या खाजगी संग्रहाच्या पायावर मध्यवर्ती ग्रंथालय उभे राहिले. जिल्हा, तालुका आणि खेडे यांना जोडणारी ग्रंथालयांची साखळी आखली गेली. जेथे ग्रंथालय नव्हते, तेथे लाकडी पेट्यांतून पुस्तके फिरू लागली. १९११ साली ग्रंथपालांचा शिक्षणवर्ग निघाला, तर १९१२ साली ‘लायब्ररी मिसेलनी’ हे इंग्रजी, गुजराती आणि मराठी अशा तीन भाषांतील नियतकालिक सुरू झाले. ग्रंथालयशास्त्रावर मराठीत नियमित लेखन छापले जावे, ही त्या काळी केवढी दूरदृष्टी! खेड्यातील ग्रंथालयाच्या खर्चाची विभागणीही ध्यानात ठेवण्याजोगी होती. गावकऱ्यांनी जेवढी रक्कम जमवावी, तेवढीच स्थानिक पंचायत देई आणि तेवढीच सरकार देई. पहिली पावली गावाची असल्यामुळे ग्रंथालयाविषयी आपलेपणा राही.

१९१३ साली बॉर्डन मायदेशी परतले. त्यांच्या मागे हे काम जनार्दन कुडाळकर, न्यूटन मोहन दत्त, मोतीभाई अमीन अशा येथल्याच मंडळींनी पुढे नेले. बाहेरून आलेला गुरू गेला तरी विद्या येथे राहिली. लाहोरला याच गोष्टीची प्रचिती पुन्हा यावयाची होती.

लाहोरचा वर्ग

पंजाब विद्यापीठ १८८२ साली लाहोर येथे स्थापन झाले होते. त्याच्या ग्रंथालयाची नीट मांडणी करावी आणि प्रांतातील ग्रंथपालांना शिक्षण द्यावे, या दुहेरी कामासाठी विद्यापीठाने १९१५ साली डिकिन्सन यांना बोलावले. ते साल पहिल्या महायुद्धाचे होते. अमेरिका अद्याप युद्धात उतरली नव्हती; पण पाणबुड्यांच्या भीतीने सागरी प्रवास धोक्याचा झाला होता. ‘लुसिटानिया’ ही प्रचंड आगबोट त्याच वर्षीच्या मे महिन्यात बुडविण्यात आली होती. अशा दिवसांत पुस्तकांना क्रमांक देण्याचे काम करण्यासाठी कोणी घरदारापासून इतक्या दूर जावे, याचे आपणांस नवल वाटेल. पण हे काम वरवर दिसते तेवढे किरकोळ नव्हते. ते समजून घेण्यासाठी त्या काळचे एखादे ग्रंथालय डोळ्यांपुढे आणावे.

आपल्याकडील बऱ्याच ग्रंथालयांत तेव्हा पुस्तकाची जागा कपाटावरून ठरे. तिसरे कपाट, दुसरा खण, सातवे पुस्तक, अशी त्याची ओळख. खण भरला की नवे पुस्तक दुसऱ्या कपाटात जाई. त्यामुळे शेतीवरील एक पुस्तक दारापाशी, दुसरे खिडकीपाशी आणि तिसरे माडीवर, अशी स्थिती होई. छापील यादी दर वर्षी जुनी होई. मग वाचकाला एकच आधार उरे, तो म्हणजे जुन्या ग्रंथपालाची स्मरणशक्ती. तो रजेवर गेला की निम्मे ग्रंथालय रजेवर गेले म्हणून समजावे!

ड्यूई यांच्या पद्धतीने क्रमांक कपाटाला न देता विषयाला दिला. सर्व ज्ञानाचे दहा वर्ग, प्रत्येक वर्गाचे दहा विभाग आणि त्यांचे पुन्हा दहा पोटविभाग. ५०० हा शास्त्रांचा आकडा, त्यात ५८० वनस्पतिशास्त्राचा. ६३० शेतीचा. ९०० च्या घरात इतिहास, त्यात ९५४ हिंदुस्थानचा. क्रमांक पुस्तकाच्या पाठीवर लिहिलेला असल्याने कपाटे हलवली, खोल्या बदलल्या, नवी पुस्तके मधे घुसवली, तरी एका विषयाची पुस्तके शेजारीशेजारीच राहतात. जोडीला प्रत्येक पुस्तकाची स्वतंत्र कार्डे. लेखकाच्या नावाने शोधा, पुस्तकाच्या नावाने शोधा अथवा विषयाने शोधा, कार्ड आपणांस नेमक्या जागी नेऊन सोडते. नवे पुस्तक आले की नवे कार्ड मधे सरकवावे. सगळी यादी फिरून छापावी लागत नाही. यात मोठे पांडित्य नाही. पण ज्या विद्यार्थ्याला ‘मला अमुक एक विषय शिकावयाचा आहे’ एवढेच ठाऊक आहे, त्याला या साध्या सोयीमुळे कोणाची मनधरणी न करता आपले पुस्तक सापडते. ज्ञानाचे दार ओळखीच्या माणसापुरते उघडावे की येईल त्याला उघडावे, असा तो प्रश्न होता.

लाहोरच्या ग्रंथालयाला डिकिन्सन यांनी या पद्धतीने वळण लावले. परंतु एका ग्रंथालयाची व्यवस्था लावून ते थांबले असते, तर आज त्यांची आठवण काढण्याचे कारण नव्हते. १९१५ सालीच त्यांनी विद्यापीठात ग्रंथपालांचा शिक्षणवर्ग सुरू केला. आपल्या देशात एखाद्या विद्यापीठाने चालविलेला हा पहिलाच असा वर्ग होय. आपले विद्यार्थी पुढे एकेकटे, दूरच्या महाविद्यालयांत काम करतील. अडचण आली तर विचारावे असे शेजारी कोणी नसेल, याचीही त्यांनी सोय केली. ‘पंजाब लायब्ररी प्रायमर’ या नावाचे पाठ्यपुस्तक त्यांनी लिहिले आणि विद्यापीठाने ते १९१६ साली लाहोर येथे प्रसिद्ध केले. प्रायमर म्हणजे अंकलिपी. आपण लिहीत आहोत ते प्रारंभिक धडे आहेत, याची जाणीव त्या नावातच आहे.

त्याच वर्षी डिकिन्सन अमेरिकेला परतले. वर्ग मात्र मागे राहिला आणि मधूनमधून खंड पडत का होईना, फाळणीपर्यंत चालत राहिला.

इतरांची मते मोजणारा माणूस

मायदेशी गेल्यावर डिकिन्सन १९१९ पासून १९३१ पर्यंत पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाचे ग्रंथपाल होते. पुढे १९४४ पर्यंत त्यांनी नव्यानेच स्थापन झालेल्या ब्रुकलिन कॉलेजचे ग्रंथालय सांभाळले. अमेरिकेत त्यांचे नाव झाले ते मात्र उत्तम ग्रंथांच्या याद्यांमुळे. १९२४ साली त्यांचा ‘एक हजार उत्कृष्ट ग्रंथ’ हा संकलनग्रंथ प्रसिद्ध झाला आणि नंतरच्या काळातील ग्रंथांसाठी त्यांनी तशाच आणखी याद्या केल्या. होमरपासून हेमिंग्वेपर्यंतचा आढावा घेणारी त्यांची यादी १९५३ साली निघाली. त्या वेळी त्यांचे वय पाऊणशेच्या पुढे होते. १९६० साली त्यांचे निधन झाले.

या याद्यांची रीत पाहण्यासारखी आहे. ‘मला आवडलेली पुस्तके’ असे त्यांनी कोठे म्हटले नाही. जाणकारांनी वेळोवेळी केलेल्या अनेक याद्या त्यांनी जमविल्या, कोणत्या ग्रंथाला किती जणांनी मान दिला ते मोजले आणि त्यावरून निवड केली. हा स्वभाव खऱ्या ग्रंथपालाचा. त्याने वाचकाला दिशा दाखवावी, पण आपली आवड त्याच्या गळ्यात बांधू नये.

शिष्य आणि फाळणी

लाहोरच्या पहिल्या वर्गातील विद्यार्थ्यांत खलिफा मोहम्मद असदुल्ला नावाचे एक तरुण होते. १९३० साली ते कलकत्त्याच्या इंपीरियल लायब्ररीचे, म्हणजे देशातील अग्रगण्य ग्रंथालयाचे, ग्रंथपाल झाले. १९३३ साली भारतीय ग्रंथालय संघ स्थापन झाला, तेव्हा त्याचे पहिले चिटणीस असदुल्लाच होते. गुरूने लाहोरला जे केले, तेच शिष्याने कलकत्त्यास केले. १९३५ साली इंपीरियल लायब्ररीत त्यांनी ग्रंथपालांचा शिक्षणवर्ग सुरू केला. लाहोरच्या वर्गातून मिळालेली विद्या अशा रीतीने प्रांतोप्रांतीच्या तरुणांपर्यंत पोचली.

आणि मग १९४७ साल उजाडले. असदुल्ला पाकिस्तानात गेले. ज्या ग्रंथालयाचे त्यांनी सतरा वर्षे पालन केले, ते १९४८ साली स्वतंत्र भारताचे राष्ट्रीय ग्रंथालय बनले. इकडे लाहोरचे विद्यापीठ सीमेपलीकडे राहिले. भारताच्या वाट्याला आलेल्या पंजाबसाठी १ ऑक्टोबर १९४७ रोजी नवे विद्यापीठ स्थापन करण्यात आले, पण त्याला स्वतःची वास्तू नव्हती. कचेरी सोलनला, वर्ग होशियारपूर, जालंधर, अमृतसर आणि दिल्ली येथे, असा त्याचा विखुरलेला संसार जवळजवळ दहा वर्षे चालला. १९५६ साली ते चंदीगडला आले.

त्या काळात वाटणी झाली नाही अशी वस्तू क्वचितच असेल. लाहोरच्या संग्रहालयातील कलावस्तूंचीही १९४८ साली वाटणी झाली. साठ टक्के पाकिस्तानला, चाळीस टक्के भारताला. गांधार शैलीच्या ज्या बुद्धमूर्ती आज चंदीगडच्या संग्रहालयात आपण पाहतो, त्या या वाटणीत आलेल्या आहेत. १९६८ साली त्या संग्रहालयाची वास्तू खुली झाली, तेव्हा त्यांना कायमचे घर मिळाले. मूर्ती मोजता येतात, म्हणून वाटताही येतात. माणसाच्या हाताला लागलेले वळण कसे वाटावयाचे? वर्गीकरण आणि तालिका करण्याची विद्या सीमेच्या दोन्ही बाजूंच्या ग्रंथपालांपाशी पुरी राहिली. देऊन कमी न होणारे धन म्हणून विद्येची थोरवी आपण लहानपणापासून ऐकतो. येथे तिचा पुरावाच मिळतो.

चंदीगडच्या पंजाब विद्यापीठाने १९६० साली ग्रंथालयशास्त्राचा विभाग सुरू केला. लाहोरला १९१५ साली पेरलेल्या बीजाला पंचेचाळीस वर्षांनी नव्या मातीत पुन्हा अंकुर फुटला. या वेळी शिक्षक मात्र परदेशातून बोलवावा लागला नाही. विद्यापीठाचे ग्रंथपाल जगदीश शरण शर्मा हे अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठात या शास्त्राचे शिक्षण घेऊन आले होते. महात्मा गांधी आणि पंडित नेहरू यांच्याविषयीच्या साहित्याच्या विस्तृत सूची त्यांनी सिद्ध केल्या होत्या.

उसने बियाणे, आपले पीक

डिकिन्सन यांनी आणलेली पद्धती निर्दोष होती, असे मात्र समजू नये. ड्यूई यांच्या वर्गीकरणात धर्म या विषयाचा बहुतेक सारा भाग ख्रिस्ती धर्माने व्यापलेला असून हिंदू, मुसलमान, शीख, बौद्ध आणि जैन या सर्वांना शेवटच्या एका कोपऱ्यात दाटीवाटीने बसावे लागते. लाहोरसारख्या शहरात ही अडचण पदोपदी जाणवणारी. अशा उणिवांचा मुळापासून विचार केला तो मद्रासचे शियाळी रामामृत रंगनाथन यांनी. गणिताचे हे प्राध्यापक १९२४ साली मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले. १९३१ साली त्यांनी ग्रंथालयशास्त्राची पाच सूत्रे मांडली आणि १९३३ साली ‘कोलन’ नावाची स्वतंत्र वर्गीकरणपद्धती सिद्ध केली. पुढे जगभरचे ग्रंथपाल त्यांचे ग्रंथ अभ्यासू लागले. पाश्चात्त्यांकडून शिकलेल्या या देशाने दोन दशकांच्या आत त्यांना शिकविण्याजोगे काही निर्माण केले, ही अभिमानाची गोष्ट होय. १२ ऑगस्ट हा रंगनाथन यांचा जन्मदिवस आपल्याकडे ग्रंथपालदिन म्हणून साजरा होतो.

वाचकहो, आपल्या गावच्या ग्रंथालयात जाल, तेव्हा पुस्तकाच्या पाठीवरील चिठ्ठीकडे एकदा लक्ष देऊन पाहा. तेथे दशांश पद्धती असेल, तर मराठी साहित्याची पुस्तके आपणांस ८९१.४६ या आकड्याखाली सापडतील. त्याच रांगेत किंचित अलीकडे ८९१.४२ हा आकडा आहे. तो पंजाबी साहित्याचा. चंदीगड आणि महाराष्ट्र यांच्यामध्ये शेकडो कोसांचे अंतर असले, तरी त्या फळीवर मराठी आणि पंजाबी पुस्तकांमध्ये हातभराचेही अंतर नसते.

आणि ती चिठ्ठी ज्यांनी चिकटविली, त्या ग्रंथपालांशी दोन शब्द बोला. आपल्या मुलांचीही त्यांच्याशी ओळख करून द्या. त्यांना कोणी शिकविले, त्यांच्या गुरूंना कोणी शिकविले, असे विचारीत मागे मागे गेलात, तर कदाचित बडोद्याच्या, कलकत्त्याच्या किंवा लाहोरच्या एखाद्या वर्गाच्या दाराशी आपण जाऊन पोहोचाल. त्यांपैकी एका वर्गात १९१५ साली एक परदेशी पाहुणा फळ्यापाशी उभा होता. त्याच्यापाशी वेळ थोडा होता, म्हणून त्याने आपल्यासारखे काम करणारी माणसे तयार केली आणि तो निघून गेला.